एकदाही न मेलेली नटी

वेई छिंगचुई यांना आयुष्यात पत्रं बेताचीच आली, आणि आलेल्या प्रत्येक पत्राला त्यांनी उत्तर धाडलं. विमा कंपनीच्या छापील पत्रालासुद्धा एकदा त्यांनी ‘आभारी आहे, तूर्त गरज नाही’ असं स्वच्छ अक्षरात लिहून कळवलं होतं. एकच पत्र राहून गेलं. त्याला आता वीसेक वर्षं झाली. हरवलं म्हणावं तर तसंही नाही. चहाच्या पत्र्याच्या डब्यात ते होतं, आणि डबा उघडायचीही गरज नव्हती, कारण मजकूर त्यांना तोंडपाठ होता.

‘वेई मास्तरांना नमस्कार. परवा आपली मालिका संपली. थोरला गेला, धाकटी सून गेली, गिरणीचा मुनीमसुद्धा गेला. त्या मुनिमाला साऱ्या मालिकेत चार वाक्यं नव्हती, पण मरताना पानभर बोलायला मिळालं. मी मात्र अजून काऊशुंगला बहिणीकडेच आहे. मालिका संपली तरी मला कोणी आणायला आलं नाही. नऊ वर्षांची असल्यापासून मी तोंडाला रंग लावते आहे. आजवर मला मठात धाडलं, जपानला धाडलं, अमेरिकेत मुलाकडे धाडलं, आता काऊशुंगला. मारलं मात्र कोणीच नाही. सगळ्यांना मरण मिळतं, मग मलाच का नाही? कारण कळवावं. ता. क. मी रागावलेली नाही. खरंच विचारते आहे.’

खाली सही होती, त्सेंग पीलुआन.

पीलुआन मूळची चियायीकडच्या पूत्झ गावची. मावशीची गाणारी नाटकमंडळी होती, तिच्याबरोबर देवळांपुढच्या मांडवांतून ती वाढली. कधी राजपुत्र, तर कधी त्याच राजपुत्राचा घोडा धरणारा. पुढे तैपेईत आली तेव्हा टीव्ही काळा-पांढरा होता आणि सरकारी नियमानं घरच्या भाषेतल्या नाटकांना दिवसाकाठी जेमतेम तासभर मिळायचा. निम्म्या नट्या घरी बसून असायच्या. त्या वर्षांत तिनं रेडिओवर खोकल्याचं औषध विकलं. मग नियम सैल झाले, रात्री आठच्या मालिका सुरू झाल्या, वर्ष-वर्ष, दोन-दोन वर्षं चालू लागल्या, आणि पीलुआन साऱ्या बेटाची आई झाली. चेहराच तसा. ती नुसती गप्प बसली तरी बघणाऱ्याला वाटायचं, हिनं आपल्यासाठी काहीतरी झाकून ठेवलंय. तेव्हापासून सेटवर लहानथोर सगळे तिला लुआनताई म्हणत. आणि याच चेहऱ्यापायी तिला कोणी मारत नसे. एक तर दुसऱ्या दिवशी स्टेशनचे फोन घणघणत राहतील ही भीती. दुसरं म्हणजे, पुढे कथानक अडलं तर आई परत आणता आली पाहिजे.

रोजच्या मालिकेत मरण ही साधी गोष्ट नाही. नट नवी पानं हातात पडली की आधी शेवटचं पान उघडून बघतात, आपण आहोत की गेलो. गेलो असू तर निदान एक मोठा प्रवेश मिळतो. निर्माता हातात पैशांचं लाल पाकीट ठेवतो, म्हणजे अपशकुन धुऊन निघाला. मयताच्या मांडवात लावलेला फोटो काम झाल्यावर जाळून टाकतात. भूमिका सुटली, नट मोकळा. जो मरत नाही, नुसता परगावी जातो, त्याला यातलं काहीच मिळत नाही. एक दिवस त्याच्याकडे पानं यायची थांबतात, एवढंच. भूमिका जिवंत असली म्हणजे शब्द बांधलेला, म्हणून लुआनताई त्या वेळी जवळजवळ वर्षभर दुसरं काम न घेता काऊशुंगहून बोलावणं यायची वाट बघत राहिली होती.

पत्र आलं तेव्हा सगळ्यांनी वेई मास्तरांना विचारलं होतं, असं कसं झालं? ते म्हणाले, विसरलो. सगळे हसले. रोज दुपारी पानं लिहायची, ती फॅक्सनं सेटवर जायची, नट ती तोंडावर पावडर लावता लावता पाठ करायचे, आणि परवा-तेरवा ती घरोघर दिसायची. अशा घाईत एखादं पात्र बाजारात मीठ आणायला जाऊन कायमचं तिकडेच राहिलेलं सगळ्यांच्या पाहण्यात होतं. चूक नेहमीची होती म्हणून खपून गेली.

पण मास्तर विसरले नव्हते. त्यांनी लुआनताईंच्या भूमिकेचं, आकिमचं, मरण लिहिलं होतं. पुष्कळदा लिहिलं होतं आणि पुष्कळदा फाडलं होतं. शेवटी तिला काऊशुंगला पाठवून ते स्वस्थ बसले. यामागचं कारण पत्रात लिहायचं म्हटलं की त्यांचे कान तापत. एरवी आठ घराण्यांची भांडणं एका बैठकीत लिहिणारा माणूस, पण स्वतःच्या तोंडचं वाक्य लिहायला बसला की अक्षर अडायचं. आज लिहू, उद्या लिहू करता करता ते घोंगडं भिजतच राहिलं. मग त्यांचं कामही सुटलं, आणि ते यिंगगेला थोरल्या बहिणीकडे येऊन राहिले. लग्न त्यांनी केलं नव्हतं. पुस्तकं तेवढी बरोबर आणली.

त्या दिवशी सकाळी ते गच्चीत पुस्तकं उन्हाला घालत होते, तेव्हा रुईयी आली. रुईयी त्यांची जुनी विद्यार्थिनी. एके काळी त्यांची पानं स्वच्छ करून द्यायची, आता स्वतः एका मालिकेची मुख्य लेखिका झाली होती. सॉस बनवणाऱ्या एका घराण्याची ती मालिका, आणि त्यातली नव्वदीची आजी म्हणजे लुआनताई. रुईयीनं जांब आणले होते. अक्कांनी ते धुऊन कापले आणि तिथेच बैठक मारली. चौऱ्याऐंशी वर्षांच्या अक्का सगळ्या मालिका बघत आणि लेखक हा प्राणी घरात असूनही पुढची गोष्ट आगाऊ कळत नाही म्हणून भावावर कायम नाराज असत.

“मास्तर,” रुईयी म्हणाली, “लुआनताई महिनाअखेर चालल्या.”

“कुठे?” अक्कांनीच विचारलं.

“ताईतुंगला, लेकीकडे. कायमच्या. गुडघे गेलेत. स्टुडिओ लिनखौच्या टेकडीवर, तिथलं धुकं आता सोसवत नाही म्हणतात. ही शेवटची मालिका.”

“आणि आमच्या आजीचं काय? मरतेय का?”

“तेच तर. आमचे निर्माते थांगसाहेब म्हणतात, अमेरिकेला नातवाकडे पाठवा.”

“परत अमेरिका!” अक्कांनी जांबाची फोड ताटलीत आपटली. “एव्हाना त्या बाईला तिकडचं मतदान मिळायला हवं होतं.”

रुईयी हसली, पण लगेच गंभीर झाली. “त्यांना एकदा तरी पडद्यावर नीट मरायचंय, मास्तर. त्या आम्हाला काही बोलत नाहीत, पण पानं आली की आधी शेवटचं पान बघतात आणि चष्मा काढून ठेवतात. आता चारच दिवस उरलेत शूटिंगचे. मी तीनदा लिहून बघितलं. वाचलं की वाटतं, हे कुणाचंही मरण आहे. शेवटी त्यांनाच विचारलं, कसं हवंय? तर म्हणाल्या, तू नको गं त्रास घेऊस, एका माणसाकडे माझं उत्तर राहिलंय. कोणाकडे म्हटलं तर म्हणाल्या, काऊशुंगला विचार. सेटवरचे सगळे म्हातारे फिदीफिदी हसले. मला मागाहून कळलं.”

मास्तर हातातल्या पुस्तकाची धूळ झटकत राहिले. पुस्तकावर धूळ नव्हती.

“मला आता जमायचं नाही,” ते म्हणाले. “मी लिहिलेलं आता कोणी… पद्धत बदलली आहे. आणि तेव्हा तरी कुठे जमलं?”

“जमलं नाही म्हणजे? विसरला होतात ना?” रुईयीनं विचारलं.

मास्तरांनी पुढचं पुस्तक उचललं. अक्कांनी भावाकडे एकदा नीट बघितलं.

“जा रे आचुई. नाहीतरी घरी काय करतोस? पुस्तकं उन्हात घालतोस आणि आत आणतोस. ती काय कैऱ्या आहेत?”

दुसऱ्या दिवशी रुईयीच्या गाडीतून ते लिनखौच्या टेकडीवर गेले. वाटेत त्यांनी मनातल्या मनात एक वाक्य जुळवलं, ‘आपल्या पत्राला उत्तर देण्यास विलंब झाला याबद्दल क्षमा असावी.’ चांगलं वाक्य होतं. रंगपटाच्या दारापर्यंत ते शाबूत होतं.

लुआनताई आरशापुढे बसल्या होत्या. एक मुलगी त्यांच्या काळ्याभोर केसांवर पांढरी पूड मारत होती.

“या मास्तर,” त्या आरशातूनच म्हणाल्या. “तुमचे आपोआप झाले की हो. माझे अजून रोज पांढरे करावे लागतात.”

“पत्र…” मास्तर म्हणाले. “पत्र मिळालं होतं.”

“असं होय? मला वाटलं टपालवाल्यांचा संप चाललाय.”

केस रंगवणारी मुलगी हसली. मास्तर उभेच होते. ताईंनी पायानं एक स्टूल पुढे सरकवलं. “बसा. मी काही तुम्हाला खाणार नाही. लिहिणार आहात का?”

“मला खात्री नाही,” मास्तर खरं तेच बोलले. “तुम्हाला पसंत पडेल असं…”

“माझ्या दोनच अटी आहेत. एक, रडारड माझ्या आधी सुरू व्हायला नको. माणूस जायच्या आधीच पलंगाभोवती सगळा गाव गळा काढतो, मग मरणाऱ्याला कोण बघणार? आणि दुसरी,” इथे त्या प्रथमच मागे वळल्या, “माझं शेवटचं वाक्य पूर्ण हवं. तुम्ही लेखक मंडळी मरणाऱ्याला पुरतं बोलू देत नाही. ‘पोरा, खरं म्हणजे तुझा बाप…’ आणि टाकली मान. म्हणजे पुढे तीन महिने बाप शोधायला मोकळे. तसलं मला नको. कर्त्यापासून क्रियापदापर्यंत सगळं वाक्य बोलेन आणि मगच जाईन.”

“काय म्हणायचंय तुम्हाला त्या वाक्यात?”

“ते मला ठाऊक असतं तर इतकी वर्षं तुमची पानं कशाला बोलले असते?”

एवढ्यात थांगसाहेब आत आले. त्यांचे वडील ताईंच्या मावशीच्या मंडळीत ढोल वाजवत, त्यामुळे लहानपणी साहेब लुआनताईंच्या पाठुंगळीला असत. सेटवर सगळ्यांवर ओरडणारा माणूस ताईंपुढे आवाज खाली ठेवी.

“ताई, हे काय ऐकतोय मी? मालिकेचा दुसरा भाग काढायचा विचार आहे. तुम्हाला परत आणायची म्हटलं तर?”

“मी येणार नाही. मेले काय आणि न मेले काय, तुला मिळायची नाही.”

“पण काढेवाली कंपनी आहे ना. तुमचा फोटो आहे बाटलीवर. आजी मेली तर त्यांचा माल कोण घेईल?”

“म्हातारी नव्वद वर्षं जगली ती तो काढा पिऊनच, असं छाप. अजून काय हवं त्यांना?”

थांगसाहेब भिंतीला टेकले. मग म्हणाले, “परवा दुपारपर्यंत पान आलं आणि ते मला पटलं, तर बघू. नाहीतर विमानाचा प्रवेश तयार आहे. सूटकेससुद्धा आणून ठेवलीय.”

“ती मला माहीत आहे,” ताई म्हणाल्या. “जपानला गेले तेव्हाचीच आहे. कडी मोडकी आहे तिची.”

मास्तर घरी आले आणि चौकटींच्या कागदाचा जुना गठ्ठा काढून बसले. त्या दिवशी त्यांनी जे लिहिलं त्यात आजी नातवंडांना कष्टाचं महत्त्व सांगत होती. दुसऱ्या दिवशी सकाळी लिहिलं त्यात ती पूर्वजांना हाक मारत होती, आणि ती हाक इतकी सुंदर होती की मास्तरांना स्वतःचीच लाज वाटली. त्यांनी दोन्ही फाडलं. आजी बोलत नव्हती, वेई छिंगचुई नावाचा पुष्कळ पुस्तकं वाचलेला माणूस बोलत होता. वीस वर्षांपूर्वी तरी वेगळं काय होतं? ते खिडकीशी जाऊन उभे राहिले. समोरच्या भट्टीवाल्याच्या आवारात कच्च्या मडक्यांच्या रांगा वाळत होत्या.

स्वयंपाकघरात अक्का रताळ्याचा पाला निवडत होत्या.

“अक्का,” ते दारातून म्हणाले, “आई गेली तेव्हा तू जवळ होतीस. काय म्हणाली शेवटी?”

“तू कुठे होतास?”

“तैपेईत. पानं लिहीत होतो.”

“हं.” अक्कांनी एक जून देठ बाजूला टाकला. “म्हणाली, कोंबड्यांना आत घ्या.”

“बस?”

“मग काय भाषण करणार होती? संध्याकाळ झाली होती, कोंबड्या बाहेर होत्या. मी उठून त्यांना आत घ्यायला गेले, परत आले तर ती नव्हती. मला मेलीला वाटलं, झोपली. पांघरूणसुद्धा घातलं.” त्या पाला निवडत राहिल्या. मग मान वर न करता म्हणाल्या, “कोंबड्या मात्र सगळ्या आत आल्या होत्या.”

मास्तर परत जाऊन बसले. सॉसच्या घराण्याचं मोठं अंगण. सॉससाठी उन्हात मुरत ठेवलेले सोयाबीनचे रांजण, झाकणं काढलेले. ओसरीवर आजी वेताच्या खुर्चीत, पायाशी सून शेंगा सोलते आहे. दोघी इकडचं तिकडचं बोलतात. कुणाचं लग्न, कुणाचा गुडघा. आजी आभाळाकडे बघते. म्हणते, “झाकणं लावून घ्या गं, ढग आलेत.” सून उठून अंगणात जाते. एकेक झाकण लावते. कॅमेरा सुनेबरोबर जात नाही, आजीजवळ थांबतो. पान संपलं.

त्यांनी ते वाचलं. हे काहीच नव्हतं. एवढ्यासाठी एक बाई आयुष्यभर थांबली? त्यांनी कागद फाडायला हातात घेतलाही, पण फाडायचं काम गेल्या दोन दिवसांत फार झालं होतं. तेवढ्यात अक्का आत आल्या, त्यांनी तोच कागद हातातून काढून घेतला, चष्मा शोधला, वाचला, आणि स्वतःच रुईयीला फोन लावला. “येऊन घेऊन जा गं. याच्या हातात ठेवू नकोस.”

थांगसाहेबांना पान पटलं नाही. “इतकंच? याचा अर्थ काय?” असं त्यांनी दोनदा विचारलं. रुईयी म्हणाली, अर्थ असा की पाऊस येणार आहे. लुआनताईंनी मात्र ते उभ्याउभ्याच वाचलं, आधी शेवटची ओळ, मग पहिल्यापासून. वाचून झाल्यावर त्यांनी चष्मा काढला नाही.

“पूर्ण आहे वाक्य,” त्या म्हणाल्या. “थांग, तुझी सूटकेस परत पाठव.”

शूटिंगच्या दिवशी मास्तर आले होते. कॅमेऱ्यामागे, तारांच्या वेटोळ्यात पाय अडकणार नाही अशा कोपऱ्यात ते उभे राहिले. आधी मयताच्या मांडवाचा प्रवेश उरकला. फोटो नवा काढलेला होता, ताई त्यात चांगल्याच हसत होत्या. प्रवेश संपताच दोघांनी तो मागच्या आवारात नेला आणि लोखंडी पिंपात जाळला. ताई शाल गुंडाळून बघायला गेल्या. “छान आला होता हो,” एवढंच त्या म्हणाल्या.

मग ओसरी. दिवे लागले. सुनेचं काम करणारी नटी शेंगांची पाटी घेऊन बसली. दोघींचं बोलणं सुरू झालं आणि मास्तरांना आपणच लिहिलेले शब्द ओळखू येईनात. कुणी तरी शेजारच्या घरात बोलतंय असं वाटलं. ताईंनी आभाळाकडे पाहिलं. तिथे आभाळ नव्हतं, वर पत्र्याचं छत आणि दिव्यांच्या नळ्या होत्या.

“झाकणं लावून घ्या गं, ढग आलेत.”

सून उठून गेली. एक झाकण वाजलं, दुसरं वाजलं. ताईंनी नजर खाली रांजणांवर आणली. तिसरं झाकण वाजलं तेव्हा ती नजर तिथेच होती, पण बघणारं कोणी राहिलं नव्हतं. मान पडली नाही, हात लोंबला नाही. पापण्या मागाहून, आपल्या आपण, हळूहळू मिटल्या.

“कट!”

पडद्यावर मेलेल्या माणसानं कट म्हटल्याबरोबर उठायचं असतं. सगळे तसं ओरडतातही, मरण अंगाला चिकटू नये म्हणून. “उठा ताई! उठा, उठा!” चहूकडून आरडाओरडा झाला. टाळ्या वाजल्या. थांगसाहेब लाल पाकीट घेऊन पुढे धावले.

ताई उठल्या नाहीत.

टाळ्या थांबल्या. थांगसाहेब खुर्चीपाशी पोचून थबकले. “ताई?” ते म्हणाले. मग लहानपणी म्हणत तसं, “लुआनताई गं?” सुनेचं काम करणाऱ्या नटीच्या हातातलं झाकण खाली पडलं आणि गरगरत राहिलं. मास्तरांनी कोपऱ्यातली भिंत धरली. हे मी केलं, त्यांच्या मनात आलं, हे मी लिहिलं.

“काय गलका लावलाय रे?” ताई डोळे मिटूनच म्हणाल्या. “नऊ वर्षांची असल्यापासून वाट बघतेय. घडीभर पडू द्या की.”

मग जो हशा उसळला त्यात थांगसाहेबांना रडू आलं ते कोणी पाहिलं नाही. त्यांनी पाकीट ताईंच्या मांडीवर ठेवलं. ताईंनी एक डोळा उघडून ते चाचपलं, उठल्या, आणि सगळ्यांना वाकून नमस्कार केला.

जाताना त्या मास्तरांपाशी आल्या. पांढरी पूड त्यांच्या खांद्यावर सांडली होती.

“चांगलं लिहिलंत,” त्या म्हणाल्या.

“साधंच झालं,” मास्तर म्हणाले. “याहून…”

“मास्तर, चांगलं म्हटलं की गप्प बसावं. पण एक आहे. तुम्ही मला प्रवेश दिलात, उत्तर नाही दिलंत. मी पत्रात मरण मागितलं नव्हतं. कारण विचारलं होतं.”

“ते…” मास्तरांचे कान तापले. “ते मला असं तोंडानं…”

“तोंडानं नकोच. तुम्हाला बोलता येत असतं तर तुम्ही लेखक कशाला झाला असता?” त्यांनी रंगपटातल्या मुलीकडून कागदाचा तुकडा आणि पेन्सिल मागवली आणि लेकीचा ताईतुंगचा पत्ता लिहून दिला. अक्षर अजून गोलच होतं. “रविवारी निघते मी. तिकडे मला फारसं काम नसेल. टपाल वाचीन.”

तो भाग घरोघर दिसला त्या संध्याकाळी अक्का टीव्हीपुढून उठल्या नाहीत. जाहिरात लागली, काढ्याच्या बाटलीवर लुआनताई हसत होत्या, तरी त्या तिकडेच बघत बसल्या. “बरं झालं,” त्या शेवटी म्हणाल्या. “सुटली बाई.”

दुसऱ्या दिवशी सकाळी मास्तरांनी पुस्तकं उन्हाला घातली नाहीत. ते टेबलाशी बसले. पहिल्यांदा त्यांनी विलंबाबद्दल क्षमा मागणारा एक मोठा परिच्छेद लिहिला, त्यात पावसाळी हवेपासून स्वतःच्या डोळ्यांपर्यंत सगळं आलं. मग तो वगळून त्यांनी दुसरा कागद घेतला.

‘लुआनताईंना नमस्कार. आपलं पत्र मिळालं. आपण कारण विचारलं होतं. मी विसरलो नव्हतो. आकिमचं मरण मी त्या वेळी पुष्कळदा लिहिलं. लिहून झालं की पुढचं पान सुचत नसे. माझी सगळी माणसं बोलायची ती तुम्ही समोर बसून ऐकता आहात असं धरून. तुम्ही गेल्यावर त्यांनी कोणाशी बोलावं हे मला कळेना. काऊशुंगला असलात तर निदान कुठे तरी ऐकत असाल असं वाटायचं. या कारणापायी तुमचं वर्ष फुकट गेलं हे मला ठाऊक आहे. मालिकेच्या कामात असलं कारण चालत नाही, म्हणून कळवलं नाही. आता कळवतो. वेई छिंगचुई.’

वाचून पाहिलं तर ते त्यांना फार कमी वाटलं, आणि फार जास्तही वाटलं. तेवढ्यात अक्का दारात येऊन उभ्या राहिल्या, पायात चपला, हातात भाजीची पिशवी, म्हणून ते पाकिटात घालून चिकटवावंच लागलं.

कोपऱ्यावर टपालाच्या दोन पेट्या शेजारी शेजारी होत्या, साध्या पत्रांची हिरवी आणि तातडीच्या पत्रांची लाल. मास्तर दोन्हींपुढे उभे राहिले. तातडीचं तिकीट लावलं असतं तर उद्याच पोचलं असतं.

“मी परत जाऊन तिकीट…” ते म्हणाले.

“वीस वर्षांनी घाई?” अक्का म्हणाल्या. “टाक त्या हिरवीत. मला मासळी संपायच्या आत बाजारात पोचायचंय.”

मास्तरांनी पाकीट हिरव्या पेटीच्या फटीत धरलं. पत्ता बरोबर आहे ना, हे पुन्हा एकदा वाचलं. मग सोडलं. आत ते इतर पत्रांवर पडल्याचा बारीकसा आवाज आला.